आतड्याची शेवटची वीत

नमस्कार. भर पावसात, घोडबंदरच्या कोंडीतून वाट काढत एवढी मंडळी आलीत, आणि तीही आतड्यावरचं व्याख्यान ऐकायला, याचं मनापासून कौतुक वाटतं. पत्रिकेवर विषय छापलाय ‘लहान आतड्याच्या शेवटच्या भागाची सूज : कारणे आणि निदान’. दोन्ही सांगणार आहे. पण आधी एका शब्दाबद्दल बोलू द्या. तो शब्द हातात घेऊन घाबरलेली माणसं रोज कुठल्या ना कुठल्या दवाखान्यात बसलेली असतात. तो शब्द म्हणजे ‘इलिआयटिस’.

सोनोग्राफीच्या कागदावर अगदी खाली येतो तो. ‘टर्मिनल इलिअमच्या भिंतीला जाडी, इलिआयटिसची शक्यता.’ घरी आल्यावर कुणीतरी मोबाइलवर शोधतं, आणि रात्रभर घर जागं राहतं. खरं तर या शब्दाचा अर्थ अगदी साधा आहे. आपण टॉन्सिलायटिस म्हणतो, आर्थ्रायटिस म्हणतो. ‘आयटिस’ म्हणजे सूज, दाह. इलिअमची सूज ती इलिआयटिस. सूज कशामुळे आली, याबद्दल हा शब्द काहीच सांगत नाही. पाकिटावर फक्त ‘नौपाडा, ठाणे 400602’ लिहिलं तर पोस्टमन ते कुणाच्या हातात देईल? पाकीट नौपाड्यापर्यंत येईल एवढंच. इलिआयटिसचंही तसंच आहे. पत्ता मिळाला, नाव मिळायचं आहे. आज मला जे काही सांगायचंय ते एवढंच, की नाव मिळाल्याशिवाय महिनोन् महिने चालणारं औषध सुरू होऊ नये, आणि नाव मिळवायची संधी बहुतेक वेळा एका दिवशी, एका टेबलावर येते आणि तिथेच निसटते.

आधी तो पत्ता नीट बघून घेऊ. बेंबीपासून उजव्या कमरेच्या हाडाच्या पुढच्या टोकापर्यंत मनात एक तिरकी रेघ ओढा. हाडापासून एक तृतीयांश अंतरावर बोट ठेवा. अपेंडिक्सचं मूळ साधारण तिथे असतं, आणि त्याच्याच शेजारी लहान आतडं मोठ्या आतड्याला मिळतं. डॉक्टरांच्या तोंडी या जागेचं नाव ‘आयसी जंक्शन’. लहान आतड्याची लांबी सुमारे 6 मीटर, म्हणजे 20 फुटांच्या घरात. त्याच्या खालच्या निम्म्याहून जास्त भागाला इलिअम म्हणतात, आणि त्यातली शेवटची वीत, फार तर दीड वीत, ती टर्मिनल इलिअम. 20 फुटांतल्या याच वीतभर भागात एवढे आजार का येऊन बसतात?

पहिलं कारण फाटक. जंक्शनवर एक झडप आहे, आयसी व्हॉल्व्ह. मोठ्या आतड्यातला जंतूंनी भरलेला माल मागे येऊ नये, आणि पुढचा माल सावकाश जावा, ही तिची कामं. मध्य रेल्वेने रोज जाणाऱ्यांना दिव्याचं फाटक समजावून सांगायला नको. फाटक उघडं राहिलं की दोन्ही बाजूंच्या गाड्या खोळंबतात. इथे अन्नरस खोळंबतो. जेवण साधारण चार-सहा तासांनी इथे पोचतं आणि थांबत थांबत पुढे जातं. मग त्यातले जंतू, औषधं, जे काही असेल ते, भिंतीशी जास्त वेळ राहतं.

दुसरं कारण पहारेकरी. इलिअमच्या भिंतीत लसिकापेशींचे चकत्यांसारखे पुंजके असतात. स्वित्झर्लंडच्या योहान पेयरने 1677 मध्ये त्यांचं वर्णन केलं, म्हणून ते पेयर्स पॅचेस. या चकत्यांवरच्या खास पेशी आतड्यातले जंतू उचलून आत नेतात, ओळख पटवण्यासाठी. टायफॉइडचा जंतू आणि क्षयाचा जंतू नेमका याच दारातून आत शिरतो. लहान मुलांत आणि विशीच्या आतल्यांत या चकत्या ठळक असतात. दुर्बिणीतून बघताना छोट्या छोट्या गाठी दिसतात. तो आजार नव्हे, ते वय असतं. हे विसरून कित्येक मुलांच्या कागदांवर ‘इलिआयटिस’ लिहिलं जातं.

तिसरं कारण म्हणजे या जागेकडे असलेली कामं, जी दुसरीकडे होत नाहीत. बी-12 इथेच शोषलं जातं. पित्तातली सुमारे 95 टक्के आम्लं इथूनच परत यकृताकडे जातात. ही वीत आजारी पडली की बी-12 उतरतं, आणि न शोषलेली पित्ताम्लं मोठ्या आतड्यात जाऊन पाण्यासारखे जुलाब करतात. पुष्कळदा सूज बसलेली असते, आणि जुलाब मात्र पित्ताम्लांमुळे चालू राहतात. त्यासाठी कोलेस्टायरामिन नावाची वेगळी पूड आहे. तिथे सुजेचं औषध वाढवून उपयोग नसतो.

आता या शब्दाच्या जन्माची गोष्ट सांगतो. थोडी लांबेल, पण सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही.

1932 साल. न्यूयॉर्कचं माउंट सायनाय हॉस्पिटल. बर्रिल क्रोन, लिऑन गिन्झबर्ग आणि गॉर्डन ओपेनहायमर या तीन डॉक्टरांनी 14 रुग्णांचा अभ्यास मांडला. बहुतेक तरुण माणसं. उजव्या बाजूला पोटात दुखतं, ताप येतो, जुलाब होतात, वजन उतरतं, आणि शस्त्रक्रियेत इलिअमचं शेवटचं टोक जाड, कडक, आतून फोडांनी भरलेलं सापडतं. त्या वर्षीच्या मे महिन्यात न्यू ऑर्लिन्सला अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या सभेत हा निबंध वाचला गेला, तेव्हा त्याचं नाव होतं ‘टर्मिनल इलिआयटिस’. सभेत बार्गेन नावाचे एक डॉक्टर होते. ते म्हणाले, ‘टर्मिनल’ म्हटलं की लोकांना वाटेल रोगी शेवटच्या घटका मोजतोय. त्यापेक्षा ‘रिजनल’ म्हणा, म्हणजे आतड्याच्या एका विभागापुरता. सूचना मान्य झाली आणि ऑक्टोबर 1932 मध्ये निबंध ‘रिजनल इलिआयटिस’ या नावाने छापून आला.

मला या बार्गेनबद्दल फार आदर आहे. रोग्याच्या कानाला शब्द कसा लागेल याचा विचार त्या भरसभेत एका डॉक्टरने केला. आणि 90 वर्षांनंतरही आपल्या इथल्या सोनोग्राफीच्या कागदावर ‘टर्मिनल’ हा शब्द तसाच आहे! नातेवाईक दबक्या आवाजात विचारतात, “डॉक्टर, टर्मिनल म्हणजे लास्ट स्टेज का?” नाही हो. टर्मिनल म्हणजे कुर्ल्याच्या टर्मिनससारखं. गाडीचं शेवटचं स्टेशन, प्रवाशाचं नव्हे. इथे कुणी रेडिओलॉजिस्ट बसले असतील तर त्यांना हात जोडून विनंती, कागद देताना एवढं एक वाक्य तोंडाने सांगा.

गोष्टीचा पुढचा भाग असा. हे सगळे तुकडे मुळात आले होते ए. ए. बर्ग या शल्यविशारदाच्या टेबलावरून. रुग्ण त्यांचे, शस्त्रक्रिया त्यांच्या. गिन्झबर्ग आणि ओपेनहायमर आधीपासून त्या तुकड्यांवर काम करत होते. बर्ग म्हणाले, लिखाणात माझा भाग नाही, माझं नाव घालू नका. नावं वर्णानुक्रमाने लागली, ‘सी’ पहिला आला, आणि जगभर आजाराला नाव पडलं क्रोन्स डिसीज. बर्ग हो म्हणाले असते, तर आज आपण बर्ग्ज डिसीज म्हणत असतो. आणि त्याआधी 1913 मध्येच ग्लासगोच्या डॅलझील या सर्जनने हाच आजार लिहून ठेवला होता. त्याने तर गुरांना होणाऱ्या योनेच्या रोगाशी त्याचं साम्य दाखवलं होतं, आणि क्षयासारखं दिसतं पण क्षयाचे जंतू सापडत नाहीत, असंही नोंदवलं होतं.

हे सगळं सांगण्याचं खरं कारण पुढे आहे. क्रोन आणि मंडळींनी ‘हा नवा आजार आहे’ असं म्हणण्याआधी काय केलं? क्षय नाही ना, हे तपासलं. आतड्याचा आणि गाठींचा ताजा अंश घेऊन तो गिनीपिगना टोचून पाहिला, जंतू वाढतात का ते पाहिलं. ताजा अंश, हे लक्षात ठेवा. सगळा माल फॉर्मलिनमध्ये, म्हणजे तुकडे टिकवायच्या द्रवात, बुडवला असता तर हे करता आलं नसतं. न्यूयॉर्कमध्ये 1932 साली जे सुचलं, ते क्षयाच्या देशात आज आपल्याला सुचायला नको?

कारणांकडे येतो. सूज किती दिवसांची आहे, हा पहिला प्रश्न. दोन-चार दिवसांत आलेला ताप, जुलाब, उजवीकडे दुखणं, आणि सोनोग्राफीत जाडी अन् शेजारच्या गाठी सुजलेल्या, हा बहुतेक वेळा जंतुसंसर्ग असतो. साल्मोनेला, कॅम्पिलोबॅक्टर, आणि थंड देशांत जास्त आढळणारा येर्सिनिया. हा येर्सिनिया फ्रिजच्या 4 अंशांतही वाढतो, आणि अपेंडिक्सची इतकी हुबेहूब नक्कल करतो की पोट उघडल्यावर अपेंडिक्स निरोगी आणि इलिअम लाल निघतो. अशी सूज एक-दोन आठवड्यांत बसते. कळ थांबल्यावर चार-सहा आठवड्यांनी सोनोग्राफी पुन्हा करून बघावी. जाडी गेली असेल तर विषय संपला. त्या चार दिवसांच्या जाडीवर जन्मभराच्या आजाराचं नाव चिकटवू नये.

टायफॉइड आपल्या ओळखीचा. पावसाळ्यात पाण्याच्या लाइनीत गटाराचं पाणी शिरलं की येतो. तो पेयरच्या चकत्यांमध्ये बसतो, आणि चकत्या आतड्याच्या लांबीत असतात म्हणून त्याचे व्रणही उभे, लांबीच्या दिशेने असतात. क्षयाचा जंतू भिंतीतल्या लसिकावाहिन्यांच्या वाटेने पसरतो, आणि त्या आतड्याला वेढा घालून जातात, म्हणून त्याचे व्रण आडवे, कडं घातल्यासारखे. या एका फरकातून पुढचं सगळं उलगडतं. कड्यासारखा व्रण भरून येताना आवळतो, आतडं चिंचोळं होतं. टायफॉइडचा उभा व्रण सहसा आवळत नाही, पण तिसऱ्या आठवड्यात फुटू शकतो. टायफॉइडमध्ये ताप उतरता उतरता पोट एकदम कडक झालं, तर रात्र काढू नका.

आता एक कारण, ज्याबद्दल फारच कमी विचारलं जातं. वेदनाशामक गोळ्या. डायक्लोफिनॅक, ॲसिक्लोफिनॅक, आयब्युप्रोफेन, नेप्रॉक्सेन, पाळीच्या दुखण्यासाठीची मेफेनॅमिक ॲसिड. गुडघा दुखतो म्हणून केमिस्टकडून पट्टी आणायची, संपली की तोच रिकामा कागद दाखवून दुसरी आणायची. वर सांगायचं, “मी ॲसिडिटीची गोळी बरोबर घेतो.” ती गोळी जठर सांभाळते. खालच्या आतड्यात आम्ल नसतंच, तिथे ती काही सांभाळत नाही. 2005 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात 40 निरोगी माणसांना 14 दिवस डायक्लोफिनॅक आणि सोबत ओमेप्राझोल दिलं, आणि गिळायच्या कॅमेऱ्याने लहान आतडं आधी आणि नंतर पाहिलं. 27 जणांच्या आतड्यात नव्याने इजा दिसली. 14 दिवसांत, ॲसिडिटीची गोळी चालू असताना! वर्षानुवर्षं घेतल्यावर तर आतड्यात पातळ पडदे तयार होतात, मधे जेमतेम बारीकसं भोक ठेवून. सूक्ष्मदर्शकाखाली हे व्रण क्रोन्ससारखे दिसू शकतात. म्हणून नाव शोधताना दुसरा प्रश्न हा, की गेल्या तीन महिन्यांत दुखण्याची कुठली गोळी, किती दिवस? ती बंद करून चार-सहा आठवड्यांनी पुन्हा पाहिलं की पुष्कळांचे व्रण गेलेले असतात. पॅरासिटामॉलचा यात दोष नाही. हृदयासाठीची ॲस्पिरिन मात्र स्वतःच्या मनाने बंद करायची नाही.

कुणीतरी पुढच्या रांगेतून विचारतंय, मिसळीने होतं का? नाही. मामलेदार कचेरीजवळची तिखटातली तिखट मिसळही इलिआयटिस करत नाही. आतडं आधीच चिंचोळं असेल तर कोंडा, सालं, बिया अडकतात आणि कळ येते. कळ येण्याचं निमित्त वेगळं आणि आजाराचं कारण वेगळं.

आणि आता मुख्य दोघे, क्षय आणि क्रोन्स. दोघांनाही हीच वीत आवडते. दोघांत दुखणं, ताप, वजन उतरणं, रक्त कमी होणं. दोघांत ‘पोटात गोळा फिरतो, गुडगुड होते आणि मग मोकळं वाटतं’ हे वाक्य ऐकू येतं. चिंचोळ्या जागेतून माल रेटला जातानाची ती खूण आहे, रोग्याने स्वतःहून सांगितली तर सोन्यासारखी. छातीचा एक्स-रे पोटाच्या क्षयात बऱ्याच वेळा स्वच्छ असतो. आणि औषधं? क्षयाला जंतू मारणारी, साधारण सहा महिने. क्रोन्सला प्रतिकारशक्ती दाबणारी, वर्षानुवर्षं. क्षयाच्या रोग्याला क्रोन्स समजून स्टिरॉइड किंवा इन्फ्लिक्सिमॅब दिलं, तर जंतू अंगभर पसरतो. क्रोन्सच्या रोग्याला क्षय समजून एकेटीवर, म्हणजे क्षयाच्या औषधांवर ठेवलं, तर सहा महिने हातचे जातात आणि तेवढ्यात आतडं आवळत जातं. उलटसुलट औषधांचा असा पेच शरीरात दुसऱ्या जागी क्वचितच पडतो.

म्हणून त्या टेबलाबद्दल बोलायचं आहे. दुर्बीण, म्हणजे कोलोनोस्कोपी, मोठ्या आतड्याचा सगळा प्रवास करून आयसी व्हॉल्व्हमधून इलिअममध्ये शिरली. व्रण दिसला. चिमट्याने तुकडे घेतले. एकेक तुकडा दोन-तीन मिलिमीटरचा, तांदळाच्या कणीएवढा. आणि मग सगळ्या कण्या एकाच बाटलीत, फॉर्मलिनमध्ये. तिथेच संधी गेली. फॉर्मलिन पेशी जशाच्या तशा टिकवतं, सूक्ष्मदर्शकासाठी ते हवंच. पण ते जंतूंना मारतं. त्या तुकड्यातून क्षयाचा जंतू आता कुठल्याही प्रयोगशाळेत वाढणार नाही. नंतर ‘कल्चर करता येईल का?’ असा फोन येतो. उत्तर एकच, पुन्हा दुर्बीण. पुन्हा उपास, पुन्हा तो दोन लिटर पाण्याचा कार्यक्रम, पुन्हा खर्च, पुन्हा सुट्टी. एका छोट्या बाटलीपायी.

दुसरी बाटली हवी. निर्जंतुक, आत नॉर्मल सलाइन, मिलिलिटर-दोन मिलिलिटर, तुकडा सुकू नये इतपत. त्यात किमान दोन-तीन तुकडे, क्षयाच्या कल्चरसाठी आणि सीबीनॅटसाठी. त्याच दिवशी प्रयोगशाळेत. उशीर होणार असेल तर फ्रिजच्या खालच्या कप्प्यात. बर्फाच्या कप्प्यात कधीही नाही. कल्चरला सहा आठवडे लागू शकतात. सीबीनॅट यंत्र दोन तासांत सांगतं, जंतूचा अंश आहे की नाही, आणि रिफॅम्पिसिनला दाद देतो की नाही. मुंबई-ठाण्याच्या पट्ट्यात औषधांना दाद न देणारा क्षय आहे हे सगळ्यांना ठाऊक आहे, तेव्हा ही दुसरी माहितीही पहिलीइतकीच मोलाची. सरकारी क्षयरोग केंद्रांत हे यंत्र मोफत चालतं. फक्त तिथे फॉर्मलिनमधला तुकडा नेऊन उपयोग नाही.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. आतड्याच्या क्षयात जंतू फार थोडे असतात. पुष्कळांत कल्चरही रिकामं येतं आणि सीबीनॅटही. रिकामं आलं म्हणून क्षय नाही असं म्हणता येत नाही. मग दुसरी बाटली कशाला? कारण ज्यांच्यात जंतू सापडतो, त्यांच्यापुरता सगळा वाद तिथेच मिटतो. सहा महिने ‘असेल, नसेल’ करत बसावं लागत नाही.

आणि पहिल्या बाटलीबद्दलही गाऱ्हाणं आहे. इलिअमचे, सीकमचे (मोठं आतडं जिथे सुरू होतं ती पिशवी), मोठ्या आतड्याचे आणि गुदाशयाचे तुकडे एकाच बाटलीत आले की पत्ताही हरवतो. क्रोन्स मधे मधे निरोगी जागा सोडून उड्या मारत जातो, हे कळायला कुठला तुकडा कुठला ते कळलं पाहिजे. प्रत्येक जागेची वेगळी बाटली, वर जागेचं नाव. व्रणाच्या काठाचे आणि तळाचे मिळून आठेक तुकडे, आणि डोळ्याला निरोगी दिसणाऱ्या भागातूनही दोन-दोन. बरोबरच्या कागदावर वय आणि लिंगाखाली फक्त ‘कॉक्स?’ एवढंच लिहिलेलं असतं. कॉक्स म्हणजे क्षय. रॉबर्ट कॉखने 1882 मध्ये जंतू शोधला म्हणून त्याचं नाव, रोग्यासमोर टीबी म्हणायला नको म्हणून आपल्याकडे रूढ झालेलं. पण त्रास किती महिन्यांचा, दुखण्याच्या गोळ्या, एकेटी आधीच सुरू आहे का आणि किती दिवस, दुर्बिणीत व्रण उभा की आडवा, व्हॉल्व्ह कसा होता, या पाच ओळी लिहिल्या तर सूक्ष्मदर्शकापाशी बसलेल्या माणसाला दुप्पट दिसतं. नाहीतर उत्तर येतं, ‘सौम्य, जुनी, अविशिष्ट सूज’. मंडळी, निरोगी इलिअममध्येसुद्धा थोड्या लसिकापेशी असतातच, ती त्यांची ड्यूटी आहे. त्या दिसल्या म्हणून जुना आजार ठरत नाही. अस्तरावरची ठेवण बिघडलेली अंकुरं, जठरातल्यासारख्या ग्रंथी भलत्या जागी उगवलेल्या, असं काही दिसलं तर जुनी इजा म्हणता येते.

चिठ्ठी आली आहे, दहा मिनिटं. निदानाचा भाग अजून तसाच आहे, तेव्हा भराभर जातो.

रक्तात हिमोग्लोबिन, सीआरपी, अल्ब्युमिन, बी-12. शौचाची कॅलप्रोटेक्टिन चाचणी. प्रतिग्रॅम 50 मायक्रोग्रॅमच्या खाली असेल तर आतड्यात मोठी सूज असण्याची शक्यता कमी, 250 च्या वर असेल तर शोध घ्यायलाच हवा. पण संसर्ग आणि दुखण्याच्या गोळ्या हा आकडा वाढवतात, आणि फक्त लहान आतड्यातला आजार कधी कधी यातून निसटतो. कातडीवरची मॅन्टू किंवा क्षयाची इग्रा रक्तचाचणी इथे निर्णय देत नाही, कारण झोपलेला जंतू आपल्यातल्या कितीतरी जणांत आहे. क्षयाच्या अँटिबॉडी मोजणाऱ्या रक्तचाचण्यांवर तर 2012 पासून देशात बंदी आहे. कुणी सुचवली तर करू नका.

सीटी किंवा एमआर एंटरोग्राफीत, म्हणजे आतडं फुगवून काढलेल्या स्कॅनमध्ये, तपासणीआधी पाऊण-एक तासात साधारण दीड लिटर मॅनिटॉलचं पाणी प्यावं लागतं. ते पूर्ण प्या. आतडं फुगलं नाही तर मिटलेली भिंत जाड दिसते आणि नसलेला इलिआयटिस कागदावर येतो. फुगलेल्या आतड्याची भिंत 3 मिलिमीटरपर्यंत ठीक. तरुणांना पुन्हा पुन्हा करावं लागणार असेल तर एमआर बरा, त्यात किरणं नाहीत. मधे काळोखी पडलेल्या गाठी आणि पोटात पाणी हे क्षयाकडे बोट दाखवतात. लांब पट्टा, मधे सोडलेल्या जागा, भिंतीकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्या कंगव्याच्या दातांसारख्या, ही क्रोन्सची लक्षणं.

दुर्बिणीच्या तयारीत लोहाच्या गोळ्या आठवडाभर आधी बंद, दोन-तीन दिवस पेरू, डाळिंब, टोमॅटो नाही. पॉलिएथिलीन ग्लायकॉलची पूड अर्धी आदल्या रात्री, अर्धी त्या सकाळी, तपासणीच्या चार-सहा तास आधी. सोडियम फॉस्फेटवालं औषध या कामासाठी टाळा. त्याने आतड्यात तोंड आल्यासारखे बारीक फोड उठतात आणि क्रोन्सचा भास होतो. अहवालात ‘इलिअममध्ये इतके सेंटिमीटर पाहिलं’ हे वाक्य आणि फोटो आहे का, बघून घ्या. सीकमपर्यंतच जाऊन परतलेली दुर्बीण या प्रश्नाचं उत्तर देऊ शकत नाही.

दुर्बिणीत व्हॉल्व्ह आ वासून उघडा, आडवे व्रण, आक्रसलेलं सीकम, चारांपेक्षा कमी भाग बाधित, हे क्षयाच्या बाजूचं. उभे व्रण, दगडी फरसबंदीसारखी भिंत, गुदद्वाराशी भगंदर, हे क्रोन्सच्या बाजूचं. सूक्ष्मदर्शकाखाली ग्रॅन्युलोमा, म्हणजे पेशींच्या गाठी. मोठ्या, एकमेकींत मिसळलेल्या, पुष्कळ, मधे पनीरासारखा चुरा झालेला असेल तर क्षय. छोट्या, सुट्या, एखाद-दुसरी असेल तर क्रोन्सकडे कल. पण क्षयातही हा चुरा प्रत्येकात सापडत नाही, आणि क्रोन्सच्या तुकड्यांत गाठीच नसणं नेहमीचं. याखेरीज पाठीच्या सांध्यांच्या आजारातली सूज, संपूर्ण मोठं आतडं सुजलेल्या अल्सरेटिव्ह कोलायटिसची मागे आलेली सूज, गर्भाशयमुखाच्या कर्करोगासाठी घेतलेली किरणं, लिम्फोमा म्हणजे लसिकापेशींचा कर्करोग, ही नावं यादीत ठेवायची.

आणि एवढं करूनही ठरलं नाही तर? तर एकेटी सुरू करून बघतात, चार औषधं दोन महिने, मग तीन औषधं चार महिने. यात खरी चूक होते ती पुढे. ‘बरं वाटतंय’ यावर विश्वास ठेवला जातो. क्रोन्सच्या रोग्यालाही सुरुवातीला बरं वाटू शकतं. दोन-तीन महिन्यांनी दुर्बीण पुन्हा घालून व्रण भरला का ते डोळ्यांनी बघायचं. व्रण तसाच असेल तर क्षयाचं निदान तरी चुकलंय किंवा जंतू औषधाला दाद देत नाहीये. दुसऱ्या शक्यतेचं उत्तर त्या सलाइनच्या बाटलीत असतं. औषध चालू असताना डोळ्यांना धूसर दिसलं, रंग फिके वाटले किंवा लघवी गडद पिवळी झाली, तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवायचं. क्षयाची नोंद सरकारकडे व्हावी लागते. ती झाली की औषधं मोफत मिळतात, आणि पोषणासाठी महिना 1000 रुपये खात्यात येतात.

दुसरी चिठ्ठी आली. शेवटचं एकच. दुसरं मत घ्यायला जाल तेव्हा रिपोर्टची झेरॉक्स नेऊन भागत नाही. प्रयोगशाळेकडून काचपट्ट्या मागा, आणि त्याहून महत्त्वाचा पॅराफिन ब्लॉक मागा. मेणाच्या छोट्या वडीत तुमचा तुकडा पुरलेला असतो, त्यातून नवे काप काढता येतात, नवे रंग देता येतात. घेताना सही करावी लागते, बाटलीवरचा नंबर आणि ब्लॉकवरचा नंबर जुळवून घ्या. आणि उन्हात उभ्या केलेल्या गाडीत तो काचेखाली ठेवू नका, मेण वितळतं. कागदाच्या पाकिटात घालून बॅगेत ठेवा. आता प्रश्न विचारा.